कुवेतकरांचं गाव सुटलं

नव्या माणसाच्या हातात पाण्याचा ग्लास देण्याआधी त्याचं गाव विचारायचं, ही आपली जुनी खोड. माणूस अमेरिकेत गेला म्हणून ती जात नाही; तिकडे ती उलट जास्तच फोफावते. शिकागोच्या पश्चिमेला एका उपनगरात आमची दहा-बारा मराठी घरं होती, आणि कुणी नवं आलं की पेपर प्लेट पुढे करता करता मी विचारायचो, "मूळ गाव कुठलं तुमचं?" बायको म्हणायची, तू कस्टमवाल्यासारखा विचारतोस. मी पुण्याचा, त्यामुळे मला त्यात काही वावगं वाटत नसे.

नव्वद सालच्या सप्टेंबरात अनिल मेश्रामच्या मुलीचं नामकरण होतं. तिथे हाच प्रश्न मी अनिलच्या सासऱ्यांना विचारला. बारीक अंगाचे, साठीला टेकलेले गृहस्थ. अर्ध्या बाह्यांचा बुशशर्ट, त्यावर जावयाचा स्वेटर, आणि तो इतका ढगळ की त्यांचे हात बाहीत शोधावे लागत. त्यांनी प्लेट दोन्ही हातांनी धरली, क्षणभर माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाले, "कुवेत."

"नाही, म्हणजे मूळ गाव," मी म्हणालो.

"मूळच सांगून राहिलो जी. कुवेत. सालमिया. पाण्याच्या टाकीमागं, तिसरा माळा, निळं दार."

सगळे हसले. महिन्यापूर्वीच शेजारच्या देशानं एका पहाटे कुवेत गिळलं होतं आणि टीव्हीवर दुसरं काही नव्हतं. मीच म्हणालो, "मग आजपासून तुम्ही कुवेतकर." नाव तिथल्या तिथे चिकटलं. त्यांचं खरं नाव दौलत गजभिये, जन्म नागपूरचा. तेही आमच्याबरोबर हसले, पण जरा उशिरा. मग म्हणाले, "ठीक आहे, पुणेकर." त्या दिवसापासून त्यांनी मला दुसऱ्या नावानं कधी हाक मारली नाही.

ते जुलैत आले होते, मुलीच्या, सुजाताच्या, बाळंतपणाला. सहा आठवड्यांची रजा, एक बॅग आणि ऑगस्टच्या अखेरचं परतीचं तिकीट. बायको, शांताकाकू, दोन वर्षांपूर्वी गेल्या होत्या, त्यामुळे आजी-आजोबा या दोन्ही पदांचा भार यांच्यावर. नात झाली, नाव मैत्री ठरलं, आणि परत जायला चार आठवडे उरले असताना ज्या देशात परत जायचं तो देशच नकाशावरून खोडला गेला. कुवेतमधली बाकीची माणसं वाळवंट तुडवून, विमानं धरून आपापल्या गावी पोचली. हे मात्र पाहुणे म्हणून आले ते पाहुणेच राहिले. व्हिसा दोनदा वाढवला. ते तिकीट त्यांनी प्लास्टिकच्या पिशवीत घालून शर्टाच्या खिशात ठेवलं होतं, आणि शर्ट धुवायला टाकताना पिशवी आधी काढत. त्यांना घरी जायचं होतं. तेरा महिने मी त्यांना पाहत होतो, त्या तेरा महिन्यांत त्यांनी दुसरं काही मागितलं नाही.

कुवेतमध्ये सतरा वर्षं, आणि त्याआधी नागपुरातही, ते टेलिफोनच्या केबल जोडायचे. रस्त्याखालच्या खड्ड्यात उतरून, मनगटाएवढ्या केबलमधल्या शेकडो जोड्या एकेक करून दुसऱ्या केबलला जोडायच्या, हे त्यांचं काम. कुठली तार कुठल्या तारेला हे रंगावरून ओळखायचं. हाताला इतकी सवय की गप्पा मारता मारता टेबलावरच्या रबरबँडचे, धाग्यांचे पीळ घालत बसायचे. मैत्रीला झोपवताना ते गायचे तेही तेच: "निळा, नारिंगी, हिरवा, तपकिरी, राखाडी." सूर लावून, शेवटच्या राखाडीवर लांबवून. सुजाता म्हणायची, मीपण ह्याच अंगाईवर मोठी झाले, मला शाळेत जाईपर्यंत वाटायचं की इंद्रधनुष्यात तपकिरी असतो.

मी तिथे एका कंपनीत टेलिफोन एक्सचेंजचं सॉफ्टवेअर लिहायचो. हे कळल्यावर त्यांना फार आनंद झाला. मी आयुष्यात एकही तार हातात धरलेली नाही हे कळल्यावर त्याहून जास्त झाला. "म्हणजे तुम्ही स्वयंपाकाचं पुस्तक लिहिता, चूल पाहिली नाही," असं म्हणून ते बराच वेळ खुदखुदत राहिले.

रोज सकाळी आठ वाजता ते फोनपाशी जाऊन बसत आणि सालमियाच्या आपल्याच घरचा नंबर फिरवत. तेव्हा तिकडे चार-पाच वाजलेले असत. काकू चहा टाकायच्या ती वेळ. घरात कुणी नाही, काकू नाहीत, देशच जागेवर नाही, तरी हे नंबर फिरवणार. अनिल मला एकदा बाजूला घेऊन म्हणाला, "यार, बाबांचं जरा टेन्शन येतं. कोणाला कॉल करतात रे?" मी काकांना विचारलं तर म्हणाले, "कोणाला नाही जी. लाइन पाहून राहिलो."

लाइन म्हणजे काय, तर तीन सूर वाजायचे आणि एका बाईचा ध्वनिमुद्रित आवाज सांगायचा की या देशाला फोन लागू शकत नाही. काका तिला 'बाई' म्हणत. "काय म्हणते बाई आज?" असं मी विचारायचो. "नाहीच म्हणते. पण ही बाई इथलीच आहे, शिकागोची. फोन समुद्राच्या पारच नाही जात, इथंच अडवते." कुठला आवाज कुठून येतो हे त्यांना कानानं कळायचं. मला कळायचं नाही, आणि पगार त्याचाच मिळायचा.

काकूंची एक सवय त्यांनी मला सांगितली होती. फोन उचलला की काकू हॅलो म्हणायच्या नाहीत, "बोला" म्हणायच्या. अरब असो, मल्याळी असो, साहेब असो. समोरच्या घरात एक पॅलेस्टिनी कुटुंब राहायचं. तिथली बाई, उम्म समीर, म्हणजे समीरची आई, काकूंची मैत्रीण. त्यांच्याकडे फोन नव्हता तेव्हा त्यांचे सगळे फोन गजभियांकडेच यायचे, आणि काकू कामात असल्या की ती उचलायची. तीसुद्धा "बोला"च म्हणायची, कारण तिची अशी समजूत की हिंदी, म्हणजे भारतीय, माणसांच्या फोनवर असंच म्हणतात.

हिवाळ्यात दर शनिवारी मी त्यांना डेव्हन ॲव्हेन्यूला न्यायचो. किराणा सुजाताचा, पण काकांचं काम वेगळं असे. साड्यांची, मिठायांची दुकानं संपवून पुढे गेलं की एक छोटी बेकरी होती. तिथे भट्टीतली गरम मोठी रोटी मिळायची, जिला ते खबूस म्हणत. बेकरीवाला युसुफ, बगदादचा ख्रिश्चन, वीस वर्षांपूर्वी इकडे आलेला. त्याची बहीण अजून बगदादमध्ये. म्हणजे एकाच्या देशानं दुसऱ्याचं घर गिळलेलं. पहिल्या शनिवारी मला धास्ती वाटली होती. पण दोघं काउंटरच्या दोन बाजूंना उभे राहून अरबीत असे काही बोलत सुटले की मागे रांग लागली. काका रोटीचा तुकडा मोडून नाक मुरडायचे आणि युसुफ चिडायचा. गाडीत मला सांगायचे, "चांगली आहे. पण सालमियाच्या बशीरसारखी नाही, हे त्याला समजलं पाहिजे."

जानेवारीत युद्ध सुरू झालं त्यानंतरच्या शनिवारी बेकरीत गिऱ्हाईक नव्हतं. युसुफनं दुकानाचा फोन काउंटरवर काकांपुढे सरकवला. बगदाद लागत नव्हतं. काकांनी आधी त्याच्या बहिणीचा नंबर फिरवला, मग आपला. दोन्ही वेळा रिसीव्हर युसुफच्या कानाला लावला. "सेम बाई आहे," ते मला म्हणाले. युसुफनं त्या दिवशी रोट्यांचे पैसे घेतले नाहीत.

परतताना बर्फ पडत होता आणि मी हळू ड्राइव्ह करत होतो. काका एकदम म्हणाले, "पुणेकर, तुम्ही गाव काहून विचारता?"

"सहज, काका. ओळख लागते."

"ओळख. नागपुरात अगोदर गाव विचारतात, मंग मोहल्ला, मंग आडनाव. तिसऱ्या सवालाला माणूस समजून जाते. मंग त्याला चहा कोणत्या कपात द्यायचा ते ठरते." ते रागानं बोलत नव्हते, खिडकीबाहेर बघत होते. "कुवेतला सतरा वर्षांत एकानं गाव नाही विचारलं. तिथं मी हिंदी. तुम्ही आले असते तर तुम्हीबी हिंदीच. शिवी दिली त्यांनी तरी दोघांना एकच. बराबरीत होतो न."

मी हीटर वाढवला. तो आधीच पूर्ण वर होता. त्यानंतर मी तो प्रश्न विचारायचं सोडून दिलं असं लिहिलं असतं तर बरं दिसलं असतं. पण अंगात मुरलेली खोड इतक्या सहज जात नाही. फक्त विचारण्याआधी जीभ अडखळायला लागली आणि 'कुवेतकर' म्हणताना मला आधीसारखं हसू येईना.

युद्ध आम्ही अनिलच्या घरी टीव्हीवर पाहिलं. कितीतरी देशांची सैन्यं वाळवंटात जमली होती, आणि काका झेंडे ओळखत म्हणायचे, "इतके पाहुणे माझ्या मोहल्ल्यात कधी नव्हते आले." पडद्यावर हिरवट आकाशात ठिणग्या उडायच्या. आम्ही पॉपकॉर्न खात तंत्रज्ञानाचं कौतुक करायचो. एकदा अनिल म्हणाला, "बाबा, टेन्शन नका घेऊ. ते फक्त टार्गेट हिट करतात, एकदम ॲक्युरेट."

"एक्सचेंजच टार्गेट असते, बाबू," काका म्हणाले. मैत्री त्यांच्या मांडीवर झोपली होती. "लढाईत पहिले फोन मारतात. त्याच्या खाली बाराशे जोड्यांची केबल आहे. मी टाकली."

त्यांना युद्ध नको होतं असंही नाही. पडद्यावर एखादा जनरल आला की हे त्याला मराठीत सांगायचे, "लवकर करा जी, लवकर." त्यांचं गाव सोडवायला निघालेली माणसंच त्यांची केबल तोडणार होती, आणि त्यांना ती माणसं पोचायला हवी होती आणि केबलही शाबूत हवी होती.

शेजारी लिंडा म्हणून एक बाई राहायची. तिच्या दारातल्या मेपलला पिवळी रिबीन बांधलेली होती. आमच्यापैकी एका मावशींना ते वडाला सूत गुंडाळल्यासारखं काही व्रत वाटलं होतं. सैन्यातलं माणूस सुखरूप परतावं म्हणून ती बांधतात; तिचा मुलगा केव्हिन सैन्यात होता आणि तिकडे वाळवंटात हुकमाची वाट पाहत होता. काकांना हे कळल्यावर त्यांनी अनिलचा आलेख-कागद घेतला आणि चार दिवस बसून सालमियाचा नकाशा काढला. गल्ल्या, मशिदी, बशीरची भट्टी, पावसात कुठे पाणी साचतं ती जागा. फोनच्या केबलचे सगळे खड्डे गोल करून, प्रत्येकाला नंबर देऊन. पाण्याच्या टाकीमागे निळ्या पेन्सिलीनं एक छोटं दार. खाली इंग्रजीत लिहिलं होतं: हरवलात तर टेलिफोनवाल्या गजभियेचं नाव सांगा. ते स्वतः जाऊन, केव्हिनला पाठवा म्हणून, लिंडाला नकाशा देऊन आले. "बाईनं एकदम धरलंच," परत आल्यावर ते म्हणाले. सुजातानं मग सांगितलं की तिनं मिठी मारली तेव्हा बाबा खांबासारखे उभे होते, हात अंगाला चिकटवून.

फेब्रुवारीच्या शेवटी एका संध्याकाळी बातमी आली की कुवेत मोकळं झालं. मी दुकानातून एक भलामोठा केक घेतला आणि अनिलच्या दारातूनच ओरडलो, "काका, अभिनंदन. तुमचं गाव सुटलं."

मला म्हणायचं होतं की शत्रूच्या तावडीतून सुटलं. शब्द तोंडातून गेल्यावर मला तो ऐकू आला. सुजाताच्या हातातली बशी तशीच राहिली. आपल्या भाषेत तावडीतून सुटतं तेही सुटणंच आणि आपल्या हातून सुटतं तेही सुटणंच. गाव सुटलं असं आपण कुणाबद्दल म्हणतो हे मला काय माहीत नव्हतं? पण जिभेला हाड नसतं.

काका उठले, माझ्या हातातला केक घेतला आणि टेबलावर ठेवला. "हो जी," ते म्हणाले. "सुटलं."

कुठल्या अर्थानं, हे विचारायची माझी छाती झाली नाही. त्या संध्याकाळी ते सगळ्यांशी हसून बोलले, केकही खाल्ला. तिकिटाची पिशवी मात्र दोनदा खिशातून काढून पाहिली.

मार्चमध्ये बाई गेली. तिच्या जागी नुसती शांतता आणि तिच्यात बारीक सूं असा आवाज. काकांचा चेहरा उजळला. "वर पोचला. सॅटेलाइटपर्यंत गेला, खाली उतरायला जागा नाही." मग मे महिन्यात एक दिवस माझ्या ऑफिसात फोन आला. "पुणेकर, वाजून राहिला."

मी काम सोडून गेलो. त्यांनी रिसीव्हर माझ्या कानाला लावला. दूर कुठेतरी घंटा वाजत होती. ते हळू आवाजात सांगत होते, जणू कुणी झोपलेलं आहे. दारातून आत गेलं की डाव्या हाताला छोटं टेबल, त्यावर काकूंनी विणलेला रुमाल, त्यावर फोन. खिडकी उघडी असली तर आवाज जिन्यात जातो. आत गादीवर काकू पडलेल्या असल्या तर तिसऱ्या घंटेला उठतात. त्यांनी घंटा बराच वेळ वाजू दिली. मग मैत्रीला आणून तिच्याही कानाला लावली.

आता एक गोष्ट मला माहीत होती आणि मी ती बोललो नाही. फोन करणाऱ्याला जी घंटा ऐकू येते ती समोरच्या घरातली नसते. ती एक्सचेंज वाजवून दाखवतं. तिकडे टेबल नसलं, फोन नसला, घरच नसलं, तरी इकडे घंटा ऐकू येते. माझी कंपनी असलीच एक्सचेंजं बनवायची. हे मला माहीत नसेल तर कुणाला? मी गाडीकडे जायला निघालो तेव्हा ते दारापर्यंत आले. "घंटा एक्सचेंजची असते, मला माहीत आहे," ते म्हणाले. "तुम्ही सांगितलं नाही, चांगलं केलं." पुढचा महिनाभर ते रोज आठ वाजता ती ऐकत राहिले.

जूनमधल्या एका रविवारी आम्ही सगळे चहाला तिथेच होतो. काकांनी सवयीनं नंबर फिरवला. चौथ्या की पाचव्या घंटेला ती थांबली आणि पलीकडून एका बाईचा आवाज आला. तो इतका मोठा होता की सोफ्यावर मला ऐकू आला.

"बोला."

काकांच्या हातातून रिसीव्हर पडला नाही, पण ते स्वतः होते तिथेच जमिनीवर बसले. सुजाता धावली. ते हातानं तिला थांबवत रिसीव्हर कानाला दाबून ऐकत होते. पलीकडची बाई पुन्हा म्हणाली, "बोला, बोला." त्यात ल जरा जड होता.

ती उम्म समीर होती. तिनं सांगितलेलं काकांनी नंतर आम्हाला सांगितलं. सैनिकांनी दार फोडलं होतं. टीव्ही, फ्रिज, काकूंचं शिलाई मशीन, सगळं गेलं. पण त्याआधी तिनं फोन उपटून आपल्या घरी धान्याच्या डब्यात लपवला होता, का तर तो शांताचा फोन. त्या दिवशी सकाळी तिनं तो परत जागेवर लावला. म्हणजे महिनाभर काका जी घंटा ऐकत होते ती कुठेच वाजत नव्हती. आणि आता ती निघाली होती, अम्मानला. पॅलेस्टिनी लोकांना आता तिथे कुणी ठेवून घेत नव्हतं. त्यांच्या पुढाऱ्यांनी बगदादची बाजू घेतली म्हणून त्यांच्यावर सगळ्यांचा राग. घर पुसून काढलंय, किल्ली राखणदाराकडे ठेवते, म्हणाली. आणि विचारलं, तुम्ही कधी येता?

"मी म्हटलं, येतो. तिकीट आहे माझ्याजवळ."

जुलैत केव्हिन परत आला. सहा फूट उंच, कानाच्या पाळ्या उन्हानं सोललेल्या. काकांना भेटायला आला आणि खिशातून नकाशा काढून दिला. त्याच्या घड्या अजून कोऱ्या होत्या. तो शहरात गेलाच नव्हता. त्याची तुकडी वाळवंटातून गेली आणि वाळवंटातूनच परतली. त्यानं पाहिल्या त्या पेटलेल्या तेलविहिरी आणि दुपारी बारा वाजताचा काळोख. काकांनी विचारलं, "समुद्र पाहिला?" तो म्हणाला, नाही सर. काकांनी त्याला युसुफची रोटी खाऊ घातली आणि सांगितलं की सालमियाची याहून चांगली असते. ज्यानं गाव सोडवलं त्यानं ते पाहिलं नव्हतं, आणि ज्यानं पाहिलं होतं त्याला आता तिथे जायचं होतं. नकाशा त्यांनी तिकिटाच्या पिशवीत ठेवला.

ऑगस्टमध्ये पत्र आलं. काकांनी कुवेतमधल्या आपल्या कंपनीला पाच पत्रं पाठवली होती, त्यांतलं एकच पोचलेलं दिसलं. सुजातानं ते वाचून दाखवलं. कंपनी बंद झाली होती. मालक परतला नव्हता. इतके महिने देशाबाहेर राहिल्यामुळे काकांचा तिथे राहण्याचा परवाना संपला होता. नव्यानं अर्ज करता येईल, पण साठीच्या माणसाला नोकरी देऊन कोण बोलावणार, हे पत्रात नव्हतं तरी वाचता येत होतं.

"केबल कोण जोडणार?" काकांनी विचारलं.

"नवीन लोक येतील, बाबा."

"त्यांना कुठल्या खड्ड्यात काय आहे ते माहीत नाही न."

सुजाता रडायला लागली, तेव्हा तिची समजूत त्यांनीच काढली. सकाळचा फोन मात्र बंद झाला नाही. परत कोरी घंटा वाजायची आणि ते ती पुरती ऐकून रिसीव्हर ठेवायचे. आता टेबलावर फोन नक्की आहे, एवढंच समाधान.

सप्टेंबरात एका शनिवारी ते माझ्याबरोबर डेव्हनला आले. बेकरीच्या दारात मी गाडी उभी केली तरी उतरेनात. मग म्हणाले, "काल उचलला."

"कुणी?"

"माणूस होता कोणी. घरात लहान लेकरं खेळून राहिली होती. त्यानं विचारलं, कोण पाहिजे? मला म्हणायचं होतं की हे माझं घर आहे. पण त्याचं सामान आलं असन, लेकरं आली असन, त्याचा काय दोष? मी म्हटलं, टेलिफोन खात्यातून बोलतो, लाइन तपासून राहिलो. ठीक आहे का लाइन? तो म्हणाला, एकदम साफ आहे."

"मग?"

"मंग त्याला माझ्या अरबीवरून समजलं असन. चांगल्या मनानं विचारलं त्यानं. म्हणाला, 'मिन वेन?' म्हणजे, तुम्ही कुठले?" काकांनी माझ्याकडे पाहिलं. "सतरा वर्षांत नाही विचारलं कोणी. आता विचारलं, माझ्याच फोनवरून."

"काय सांगितलंत?"

"काही नाही सुचलं. ठेवला."

युसुफ काचेआडून आमच्याकडे बघून हात हलवत होता. मला त्यांचा हात धरावासा वाटत होता आणि मी स्टिअरिंग धरून बसलो होतो. इतक्या वर्षांनी आता लिहून टाकतो: मला तेव्हा त्यांची माफी मागायची होती. कुवेतकर म्हटल्याबद्दल नाही. ते नाव खरं असताना ते चेष्टा म्हणून ठेवल्याबद्दल.

ऑक्टोबरमध्ये ते नागपूरला निघाले, धाकट्या भावाकडे. ओहेर विमानतळावर अनिल, सुजाता, मैत्री आणि मी. त्यांनी अंगातला स्वेटर काढला, नीट घडी घातली आणि अनिलला दिला. आत तोच अर्ध्या बाह्यांचा बुशशर्ट. बॅगही तीच एक. काउंटरवरून मी पत्त्याची चिठ्ठी आणली आणि लिहायला बसलो, कारण माझं अक्षर बरं आहे असं त्यांचंच मत होतं. नाव लिहिलं. पत्त्याला थांबलो. भावाचा पत्ता मला माहीत नव्हता, म्हणून म्हणालो, "सांगा काका." गाव कुठलं, असं मी विचारलं नाही.

ते सांगत गेले आणि मी लिहीत गेलो. सालमिया. पाण्याच्या टाकीमागे. तिसरा मजला, निळं दार. मग फोन नंबर. तो मला पाठच होता, पण त्यांनी एकेक आकडा सावकाश सांगितला.

"काका," मी म्हणालो, "बॅग हरवली तर हे लोक ह्या पत्त्यावर पाठवतील."

"पाठवू द्या न," ते म्हणाले. "मी नाही तर बॅग तरी घरी जाईल."

त्यांनी स्वतः ती चिठ्ठी बॅगेच्या मुठीला बांधली, दोन पीळ घालून, केबल जोडतात तशी. मैत्रीच्या गालाला हात लावला, तिला पाचही रंग एकदा म्हणून दाखवले, आणि "बरं, पुणेकर" म्हणून आत गेले. मागे वळून पाहिलं नाही. त्याआधी बॅग पट्ट्यावरून रबरी पडद्याकडे सरकत गेली, तेव्हा मात्र ती आत जाईपर्यंत ते तिच्याकडे पाहत होते.

चार दिवसांनी नागपूरहून फोन आला. सुखरूप पोचलो, बॅगपण बरोबर आली, असं त्यांनी कळवलं. सुजाता म्हणाली, बॅगेबद्दल सांगताना बाबा जरा नाराज वाटले.